योसोजीचे स्त्रीपार्ट

सेकिगुची योसोजी आमचा शेजारी. टोकियोतल्या मुकोजिमाच्या चाळीत त्याची खोली आणि माझी खोली यांच्या मधे एक फळ्यांची भिंत होती, आणि ती इतकी पातळ की पलीकडे कुणी मुळ्याचं लोणचं चावलं तरी मला कळायचं. चाळीपासून दहा मिनिटांवर, नदीच्या बांधाला लागून, होराई कंपनीचा काचेचा स्टुडिओ होता. तो तिथे नट होता आणि मी कपडेपटात. किमोनो शिवायचे, उसवायचे, डाग काढायचे, केसांचे टोप विंचरून खुंटीवर ठेवायचे, हे माझं काम. मला ओकिनु म्हणतात. नवरा नव्हता, मूल नव्हतं, त्यामुळे शेजाऱ्यांचं घर मला माझ्या घराइतकंच ठाऊक होतं.

त्या काळी सिनेमा मुका होता. पडद्याशेजारी उभा राहून निवेदक सगळ्यांचं बोलणं बोलायचा, बायकांचंसुद्धा, गळा बारीक करून. आणि पडद्यावरच्या बायकाही बायका नव्हत्या. नाटकात चालत आलं होतं तेच सिनेमात चाललं होतं. आमच्या कंपनीत बायकांची कामं करणारे तेरा पुरुष, म्हणजे स्त्रीपार्टी, होते, आणि त्यांत योसोजी पहिला. पाटीवर त्याचं नाव मिझुए शिनोबु असं लागायचं. टाकलेली बायको, आजारी बहीण, मुलासाठी झुरणारी आई, अशी रडणारी कुठलीही बाई हवी असली की योसोजी. आसाकुसाच्या थिएटरांत त्याचा चित्रपट लागला की बाहेर रुमाल विकणारे बसायचे, असं लोक गमतीने म्हणत. मी तरी रुमालवाले पाहिले नाहीत, पण डोळे पुसत बाहेर पडणाऱ्या बायका पुष्कळ पाहिल्या.

घरी मात्र तो कडक बाप होता. एकच मुलगी, फुसाए. ती सहा-सात वर्षांची झाल्यापासून तो तिला चालायला शिकवायचा. दोन गुडघ्यांच्या मधे एक कागद धरायचा आणि तो पडू न देता खोलीच्या या टोकापासून त्या टोकाला जायचं. खांदे मागे ओढून खाली सोडायचे म्हणजे मान लांब दिसते. चहा ओतताना दुसऱ्या हाताने बाही धरायची. हसताना दात दाखवायचे नाहीत. ही सगळी विद्या त्याला त्याच्या गुरूने छडीने शिकवली होती. तो लेकीला छडीशिवाय शिकवत होता, एवढाच काय तो फरक.

त्याची बायको ओताकी अगदी उलटी. लग्नाआधी ती मासळी तळायच्या गाडीवर काम करायची. आवाज मोठा, पावलं फताडी, बसली की मांडी पसरून बसायची.

"ओताकी, गुडघे," योसोजी म्हणायचा.

"काय झालं गुडघ्यांना? दोन्ही आहेत जागेवर," ओताकी म्हणायची. मग माझ्या भिंतीकडे तोंड करून ओरडायची, "ओकिनु-सान, या घरात बाई कोण आहे ते एकदा ठरवून टाका बाई! मला तर वाटतं, मीच यांच्याशी लग्न करून यांना घरी आणलंय."

योसोजी हसायचा नाही. पण रविवारी तो बायकोचे आणि लेकीचे केस स्वतः विंचरून बांधून द्यायचा, आणि त्या वेळी ओताकी गुडघे मिटून गप्प बसायची.

फुसाए सतराची झाली तेव्हा तिचं लग्न ठरलं. मुलगा आसाकुसातल्या इकुता घराण्यातला, पायमोजे शिवणाऱ्या जुन्या दुकानाचा वारस. नटाच्या मुलीला असं घर मिळणं सोपं नव्हतं. मुलाची आई दोनदा येऊन मुलगी पाहून गेली आणि म्हणाली, "हिची चाल पाहूनच मी होकार दिला. आजकालच्या पोरी अशा चालत नाहीत." ते ऐकून योसोजी बाहेर विहिरीपाशी गेला आणि बराच वेळ तिथेच उभा राहिला. आनंद झाला की तो माणसांत थांबत नसे.

टोकियोचा मोठा भूकंप झाला त्याच्या आदल्या वर्षीची ही गोष्ट. त्याच वसंतात कंपनीत मुरोफुशी नावाचा नवा दिग्दर्शक आला. अमेरिकेत चार वर्षं राहून आलेला, डोक्यावर चपटी टोपी, बोलताना हात हलवायचा. पहिल्याच आठवड्यात त्याने कॅमेरा उचलून योसोजीच्या तोंडापाशी आणून ठेवला. तोवर आमच्याकडे कॅमेरा लांब उभा असायचा, नाटकाच्या प्रेक्षकासारखा. फिल्म धुऊन आल्यावर तो तुकडा सगळ्यांनी एकत्र पाहिला. पडदाभर योसोजीचा चेहरा. जाड पांढऱ्या रंगाखालून दाढीची छाया दिसत होती. त्याने आवंढा गिळला तेव्हा गळ्याची घाटी वर जाऊन खाली आली. कुणीतरी खोकलं. कुणीतरी हसू दाबलं.

दिवा लागल्यावर मुरोफुशी सभ्यपणे म्हणाला, "सेकिगुची-सान, तुमच्या कलेबद्दल माझं काही म्हणणं नाही. पण कॅमेरा खोटं पकडतो. मला बाई हवी."

"बाई हवी म्हणजे?" योसोजीला खरंच कळलं नव्हतं. "मी सोळा वर्षं..."

"खरी बाई."

उन्हाळ्यात तेरापैकी अकरा जणांना काढलं. योसोजी आणि आणखी एक जण उरले, कारण त्यांचं नाव मोठं होतं. त्यांना सांगितलं, पुरुषांची कामं करा. योसोजीला गावोगाव फिरणाऱ्या तेलविक्याचं काम दिलं. मीच त्याला कपडे चढवले. जाडाभरडा अंगरखा, गुडघ्यापर्यंत विजार, खांद्यावर कावड. तो आरशासमोर उभा राहिला आणि त्याने आपसूक एक पाऊल आत वळवलं.

"पाय फाकवा की," मी म्हटलं.

"फाकवलेत," तो म्हणाला. आणि खरंच त्याच्या मते ते फाकलेले होते.

कावड घेऊन तो दहा पावलं चालला तेव्हा फळ्या ठोकणारे सुतारसुद्धा हातोड्या खाली ठेवून हसायला लागले. मुरोफुशीने सहा वेळा चालायला लावलं. "खांदे रुंद करा! छाती पुढे! अहो, तेल विकताय, नवरा शोधत नाही आहात!" योसोजीही सगळ्यांबरोबर हसला. ओठांवर बाही धरून हसला, आणि ते पाहून लोक आणखी हसले. तिसऱ्या दिवशी त्याला निरोप आला, उद्यापासून येऊ नका.

घरी त्याने हे सांगितलंच नाही. रोज सकाळी डबा घेऊन निघायचा आणि बांधावर जाऊन बसायचा. मला माहीत होतं, पण मीही बोलले नाही. ते चुकलंच माझं. कारण अठराव्या दिवशी तो डबा विसरला, आणि फुसाए तो डबा घेऊन स्टुडिओत आली. बाप तिथे नव्हता. मुरोफुशी होता.

तो नव्या बाया बघतच होता. मिळत होत्या त्या एकतर गाणाऱ्या-नाचणाऱ्या घरांतल्या, नाहीतर हॉटेलात जेवण वाढणाऱ्या. कॅमेरा दिसला की डोळे मोठे करायच्या. फुसाए डबा छातीशी धरून दारात उभी राहिली आणि म्हणाली, "माफ करा, सेकिगुची कुठे भेटतील?" मुरोफुशीने टोपी काढली. मी समोर होते. मला त्याच क्षणी कळलं की आता काहीतरी होणार, आणि तरी मी टाका घालत बसून राहिले.

ती चार दिवस घरात न सांगता येत राहिली. पाचव्या दिवशी तिने करारावर अंगठ्याचा ठसा दिला.

मी तिला कपडेपटात गाठलं. "अगं, बापाला काय सांगशील?"

"बाबांना काम नाही हे मला कळलंय, ओकिनुमावशी," ती म्हणाली. "घरात कुणीतरी मिळवायला नको का?"

"आणि इकुतांचं काय? नटीला सून करून घेतील ते?"

ती ओबीच्या, कमरेच्या पट्ट्याच्या, गाठीशी चाळा करत राहिली. मग हळूच म्हणाली, "मावशी, त्या घरी गेले की आयुष्यभर मोजे शिवायचे. इथे मुरोफुशी साहेबांनी मला विचारलं, तुला काय वाटतं? मला आजवर कुणी विचारलंच नव्हतं हो."

त्याच संध्याकाळी तिने बापाला सांगितलं. भिंतीपलीकडून मला शब्दन् शब्द ऐकू आला. योसोजी ओरडला नाही. त्याने शांतपणे भात संपवला, काड्या खाली ठेवल्या. ओताकी भांडी घेऊन विहिरीवर गेली.

"केस विस्कटलेत तुझे," तो म्हणाला. "ये, बांधून देतो."

ती त्याच्यापुढे पाठ करून बसली असणार. कंगव्याचा आवाज येत होता. मला वाटलं, चला, निभावलं. बराच वेळ कंगवा चालला. मग कात्रीचा आवाज आला. माझा जन्म कात्री चालवण्यात गेला, तरी तो आवाज ओळखायला मला वेळ लागला. फुसाए एकदाही ओरडली नाही. ओरडली ती ओताकी, परत आल्यावर. हातातली भांडी तिने तिथेच टाकली.

"अहो, काय केलंत हे! विधवा करून ठेवलीत का पोरीला? लग्नाआधीच?"

मी धावत गेले. चटईवर काळ्याभोर केसांचा ढीग पडला होता, हातभर लांब. फुसाएच्या मानेवर वेडेवाकडे खुंट. योसोजी कात्री मांडीवर ठेवून बसला होता आणि त्याचे हात नेहमीसारखेच, एकावर एक, नीट जुळवलेले होते.

"आता हिला कोणी कॅमेऱ्यापुढे उभी करणार नाही," तो म्हणाला. "केस वाढतील. वर्षभरात वाढतील. तोवर घरी बसेल आणि मग लग्न होईल."

"आणि मोजेवाले वर्षभर थांबतील?" ओताकी म्हणाली. "दुकानात गिऱ्हाईक नसतं तेव्हा ते लोक दुसरं काय करतात? दुसऱ्यांच्या घरच्या गोष्टी बोलतात. उद्या सकाळी अख्ख्या आसाकुसाला कळेल!"

एवढा साधा विचार योसोजीच्या डोक्यात आला नव्हता, हे त्याच्या चेहऱ्यावर मला दिसलं. ज्या लग्नासाठी त्याने कात्री चालवली ते लग्न त्याच कात्रीने तुटलं होतं. चार दिवसांनी मध्यस्थ बाई आली, चहाला हात न लावता बोलली आणि गेली. मुलगा थांबायला तयार होता म्हणे. मुलाची आई तयार नव्हती.

पाचव्या दिवशी डोक्याला फडकं बांधून फुसाए स्टुडिओत आली. "माझ्याकडे केस नाहीत," तिने मुरोफुशीला सांगितलं आणि फडकं सोडलं. तो दचकला, पण लगेच म्हणाला, "ओकिनु-सान, टोप आहेत ना?"

टोप होते. स्त्रीपार्टी गेल्यापासून तेरा टोप खुंट्यांवर धूळ खात होते. पण बाकीचे सगळे जाड, ओबडधोबड. जवळून बघितलं तरी खरा वाटेल असा एकच होता. तो योसोजीने स्वतःच्या डोक्याच्या मापाने क्योतोहून करवून आणला होता. मी आतून कापडाच्या घड्या शिवल्या, म्हणजे लेकीच्या लहान डोक्यावर तो बसेल. शिवताना आत त्याच्या घामाचा आणि तेलाचा वास येत होता. फुसाएने काही विचारलं नाही. तिलाही वास आला असेलच.

पहिल्या दिवशी मुरोफुशी वैतागला. "अशी चालू नकोस! ही नाटकातली चाल झाली. विसर ते सगळं. घरी चालतेस तशी चाल."

"घरी मी अशीच चालते, साहेब."

"मग आईसारखी चाल."

फुसाएने कधी न चाललेली ओताकीची चाल चालून दाखवली. फताडी पावलं, हात हलते. मुरोफुशी म्हणाला, "नको नको. पहिलीच ठीक आहे."

गोष्ट नेहमीचीच होती. सासरने टाकलेली बायको मुलाला फाटकापाशी सोडून निघते आणि एकदा वळून बघते. योसोजीने हा प्रसंग चार वेगवेगळ्या चित्रपटांत केला होता. पण मुरोफुशीला कॅमेरा चेहऱ्याशी हवा होता आणि डोळ्यांत खरं पाणी हवं होतं. फुसाएला रडू येईना. कांदा झाला, पुदिन्याचा अर्क झाला. डोळे लाल व्हायचे, चेहरा कोरडाच. वरच्या काचांतून ऊन उतरायला लागलं. तीन वाजले की प्रकाश जायचा, आणि फिल्म वाया चालली होती. मुरोफुशी टोपी आपटून ओरडला, "तुला कधी दुःख झालंच नाही का गं?"

त्यावर तिला हसू आलं. घाबरून आलेलं हसू. थांबेना.

तेव्हा मी योसोजीला बोलवायला गेले. कुणी सांगितलं नव्हतं. मला काय वाटलं कोण जाणे. तो घरी तांदूळ धूत होता. ओताकी तेव्हा होंजोतल्या साबणाच्या कारखान्यात जाऊ लागली होती आणि घरचं सगळं तो करायचा. बाह्या वर बांधलेल्या, हात ओले, तसाच तो माझ्यामागून आला. लेक आणि तो महिनाभर एकमेकांशी बोलत नव्हते.

स्टुडिओत शिरल्यावर त्याने आधी टोपाकडे पाहिलं. मग माझ्याकडे. मी मान खाली घातली.

"कुठे उभं राहू?" त्याने मुरोफुशीला विचारलं.

"कॅमेऱ्याशेजारी. ती तुमच्याकडे बघेल. तुम्ही करून दाखवा, ती बघून करेल."

योसोजी कॅमेऱ्याशेजारी गेला. सगळ्यांना वाटलं आता तो फाटकापाशी वळून बघणारी बाई करून दाखवणार. तो खाली बसला. गुडघे टेकले, ओले हात जमिनीवर ठेवले आणि कपाळ जमिनीला लावलं, लेकीपुढे. मालकापुढे लावतात तसं. त्याची पाठ हलत होती. "चुकलो," असं काहीतरी तो म्हणाला, पण ते मला नीट ऐकू आलं नाही. कॅमेऱ्याची करकर चालू झाली होती.

फुसाएचा चेहरा फुटला. दुसरा शब्द मला सुचत नाही. ती रडली ती तोंड वेडंवाकडं करून, दात दाखवून, बापाने शिकवलेलं सगळं विसरून. मुरोफुशी श्वास रोखून उभा होता. फिल्म संपली तेव्हा तो ओरडला, "झकास!" आणि लोक तिच्याभोवती धावले. योसोजीकडे कुणाचं लक्ष नव्हतं. तो उठला, गुडघ्यांवरची धूळ झटकली आणि मला म्हणाला, "तांदूळ पाण्यात पडलेत." आणि गेला.

पुढे एकदा मी त्याला विचारलं, "ते खरं होतं की काम?"

तो म्हणाला, "मला तरी कुठे कळलं?"

चित्रपट खूप चालला. ओताकीने हट्टाने आम्हा दोघांना आसाकुसाला नेलं. निवेदकाने फुसाएच्या तोंडी भरमसाट वाक्यं घातली, थिएटर हुंदके देत होतं. आमच्या पुढे दोन बायका बसल्या होत्या. एक दुसरीला म्हणाली, "आता कुठे खरी बाई आली पडद्यावर. नाहीतर ते बाप्ये! रडायला लागले की मला तर शिसारी यायची."

ओताकी पुढे वाकली. "अगं ए भवाने, त्याच बाप्यांपायी तू चार चार रुमाल पिळले असशील! आणि हे बघ, हे इथे बसलेत ना—"

"ओताकी," योसोजी म्हणाला. "गप्प बस." मग त्या बाईला वाकून म्हणाला, "आपलं बरोबर आहे. खरी बाई ती खरी बाई."

त्यानंतर तो घरात टिकेना. लेक मिळवत होती, बायको मिळवत होती. चाळीतले पुरुष विहिरीवर त्याला वाट देताना "आधी बायका" म्हणायचे. पुढच्या उन्हाळ्यात उत्तरेकडे जाणारी एक फिरती नाटक मंडळी त्याला भेटली. खेड्यांत अजून स्त्रीपार्टी चालत होते. निघताना त्याने मला विचारलं, "माझा टोप मिळेल का?" मी म्हटलं, तो आता कंपनीचा झाला. तेव्हा तो कंपनीने टाकून दिलेल्यांपैकी एक घेऊन गेला.

सप्टेंबरच्या एक तारखेला दुपारी जमीन हलली. त्याबद्दल मी फार सांगणार नाही, ज्यांनी पाहिलं त्यांना ठाऊक आहे. स्टुडिओच्या काचा सगळ्या खाली आल्या. फुसाए आणि मी रस्त्यापलीकडे, दारूची पिंपं ठेवायच्या मांडवाखाली शिरलो म्हणून वाचलो. ओताकी होंजोला कारखान्यात होती. कारखान्यातली माणसं आग टाळायला मोठ्या मैदानाकडे पळाली, एवढंच नंतर कळलं. आग तिथेही पोचली, आणि त्या मैदानावर गेलेलं बहुतेक कुणी परत आलं नाही.

योसोजी पाचव्या दिवशी आला. जिथे रेल्वे संपली तिथून चालत. पायांत वेगवेगळे दोन जोडे. नऊ दिवस तो, फुसाए आणि मी होंजोत हिंडलो. तो प्रत्येक ठिकाणी खाली वाकून प्रेतांची पावलं बघायचा. चेहऱ्यांवरून काहीच ओळखता येत नव्हतं, म्हणून पावलं. "रुंद आहेत तिची," तो म्हणायचा. "मला लगेच कळतील." नवव्या दिवशी एकाएकी थांबला आणि फुसाएला म्हणाला, "मी तिला आयुष्यभर म्हणत आलो, पावलं झाक, पावलं झाक." आणि मग तो रस्त्यातच बसला. त्याला उठवायला आम्ही दोघी लागलो. ओताकी सापडली नाही.

कंपनीने टोकियो सोडलं आणि क्योतोला नवा स्टुडिओ बांधला. ज्यांना घेतलं त्यांत फुसाए होती आणि मी होते.

"बाबा, चला," फुसाए म्हणाली.

"तिथे मी काय करू?"

"इथे काय करणार?"

तो आला. क्योतोत त्याने लेकीचं घर चालवलं. बाजार, स्वयंपाक, धुणं. दोन वर्षांनी फुसाएने एका कॅमेरावाल्याशी लग्न केलं, कुणालाही न विचारता, आणि तिला मुलगी झाली. योसोजी नातीला पाठीशी बांधून फिरायचा. दुकानदारीण त्याला "आजीबाई" म्हणायची आणि तो रागावत नसे. सुखात होता का? मला नाही वाटत. जेवताना मधेच थांबायचा आणि भिंतीकडे बघत राहायचा. रात्री फुसाएला त्याच्या खोलीतून पावलांचा आवाज यायचा, या टोकापासून त्या टोकापर्यंत, बारीक बारीक.

चोविसाव्या वर्षी फुसाएची कामं कमी झाली. आता मुरोफुशीला आखूड केसांच्या, उंच टाचांच्या मुली हव्या होत्या. एके दिवशी ती मला म्हणाली, "मावशी, साहेब म्हणतात, तू जुन्या चालीची आहेस." सांगताना तिने हात मांडीवर एकावर एक ठेवले होते. मला पुढे ऐकवेना.

त्याच हिवाळ्यात योसोजी माझ्या खोलीवर आला. नात पाठीवर झोपलेली. आत यायला तयार होईना, दारातच बसला. बराच वेळ हवेबद्दल बोलला, भाजीच्या भावाबद्दल बोलला. मग मान खाली घालून म्हणाला, "ओकिनु-सान, तुमचं तिथे ऐकतात. एखाद्या म्हातारीचं काम... मागे उभी राहणारी. चेहरा दिसला नाही तरी चालेल. पाठच दिसली तरी चालेल."

"फुसाएला सांगितलंत?"

"तिला कळू देऊ नका."

मी मुरोफुशीकडे गेले. सोळा वर्षं स्त्रीपार्ट केलेल्या माणसासाठी मी हात जोडले. तो आधी हसला, मग त्याचं हसू थांबलं. "सेकिगुची," तो म्हणाला, "अजून आहे?" अंत्ययात्रेचा एक प्रसंग होता, गावातल्या नऊ म्हाताऱ्या शवपेटीमागून चालत जातात. आठ खऱ्या होत्या. नववा योसोजी. मी स्वतः त्याला काळा किमोनो नेसवला, ओबी बांधली. कॅमेरा मागे होता. चालले आणि संपलं, एवढंच.

चित्रपट लागल्यावर तो गेला नाही, नातीला ताप होता. मी गेले. नऊ पाठी पडद्यावरून पुढे गेल्या. मी त्याला इतकी वर्षं ओळखत होते, त्याचे कपडे मी शिवले होते, पण मला तो सापडेना. दुसऱ्या दिवशी परत गेले, तरी नाही.

घरी जाऊन त्याला सांगितलं, "माफ करा, योसोजी-सान. तुम्ही कुठले ते मला ओळखता आलं नाही."

तो चुलीपुढे होता. वळला. "म्हणजे... वेगळा वाटलो नाही? त्या बायकांमध्ये?"

"नाही."

त्याने ओठांवर बाही धरली. मला वाटलं हसतोय. मग त्याचे खांदे हलायला लागले आणि मी नातीला उचलून बाहेर अंगणात नेलं.

वसंत यायच्या आत तो गेला. पोटाचं दुखणं होतं, डॉक्टरला दाखवायला तो तयार नव्हता. शेवटच्या दिवशी फुसाए त्याची दाढी करत होती. त्याने तिचा हात धरला आणि म्हणाला, "नीट कर. गळ्याखालची राहते." ती पुन्हा पाणी घेऊन आली तेव्हा तो गेलेला होता, आणि अर्धी दाढी राहिली होती. तिने ती पुरी केली. मग मला बोलावलं.